तीन पदांचे ठिगळ

विघ्नहर्त्या श्रीगजाननाला, वाणीची स्वामिनी जी शारदा तिला, आणि जिच्या काठी मला पहिले अक्षर लाभले त्या गोदामाईला वंदन करून हे लेखन आरंभितो. आज खंडेनवमी. ज्याने त्याने आपल्या उपजीविकेची साधने पुजावीत असा हा दिवस. सकाळी देवघरासमोरच्या पाटावर मी तीन वस्तू मांडल्या: फिल्मच्या दोन पट्ट्या एकमेकींना जोडणारे एक लोखंडी यंत्र, ज्याला आम्ही जॉइनर म्हणत असू, एक जुनी कात्री, आणि एक पांढरा सुती हातमोजा, ज्याचा जोडीदार मुंबईतल्या कुठल्याशा स्टुडिओत राहून गेला. त्यांना गंध, अक्षता आणि झेंडूची फुले वाहिली. चाळीस वर्षे मी चित्रपटांचे आणि दूरचित्रवाणीवरच्या कार्यक्रमांचे संकलन केले. या वस्तूंनी माझे घर चालवले. यंदा मात्र त्यांच्यापुढे हात जोडताना मन अधिक भरून आले, आणि त्याचे कारण गेल्या ज्येष्ठ-आषाढात घडलेली एक गोष्ट आहे. ती लिहून ठेव, अशी माझ्या गुरुबंधूची आज्ञा आहे. तो वयाने माझ्याहून केवळ चार महिन्यांनी मोठा, परंतु आज्ञा करण्याची त्याची सवय जन्मजात.

आम्ही दोघे पंचवटीतल्या एका वेदपाठशाळेत एकाच दिवशी दाखल झालो. एकाच सतरंजीवर झोपलो, एकाच वेळी संथा, म्हणजे गुरुजींच्या मागोमाग पुन्हा पुन्हा म्हणायचा पाठ, घेतली, आणि गुरुजींची छडीही बहुधा एकाच अपराधासाठी खाल्ली. पुढे आम्हांला घनपाठ शिकवला गेला. ज्यांना तो ठाऊक नसेल त्यांच्यासाठी सांगतो. घनपाठात मंत्र सरळ म्हणत नाहीत. पहिले पद आणि दुसरे. मग दुसरे आणि पहिले. मग पहिले, दुसरे, तिसरे. मग तिसरे, दुसरे, पहिले. आणि पुन्हा पहिले, दुसरे, तिसरे. एवढे झाले की एक पद पुढे सरकायचे आणि तोच क्रम नव्याने आरंभायचा. पूर्वजांनी ही योजना अशासाठी केली की, पदे अशी उलटसुलट गुंफली म्हणजे एकही अक्षर गळू शकत नाही आणि एकही नवे आत शिरू शकत नाही. ऐकणाऱ्याला वाटते, म्हणणारा तेच ते पुन्हा म्हणतो आहे. हे वाक्य वाचकांनी कृपया ध्यानात ठेवावे, कारण पुढचा सारा घोटाळा त्यातून झाला.

मी अठरा वर्षांचा असताना माझे मामा एका कार्यासाठी नाशिकला आले. ते मुंबईत फिल्म धुण्याच्या प्रयोगशाळेत नोकरीला होते. तिथे शेजारच्या संकलन-कक्षात एक मदतनीस हवा होता. मला त्या कामाचे कुतूहल वाटले. गुरुजींनी अनुमती दिली. एवढेच म्हणाले की जिथे जाशील तिथे कान उघडे ठेव. गुरुबंधूने मात्र अनुमती दिली नाही. आठ दिवस तो माझ्याशी बोलला नाही, आणि निघताना स्टँडवर येऊन म्हणाला, “आम्ही इथे एक मात्रा सुटू नये म्हणून घसा फोडतोय, आणि तू जाऊन दिवसभर कापाकापी करणार. जा, कात्रीबुवा.”

हे नाव मला पन्नास वर्षे चिकटले. प्रत्येक पत्राचा मायना तोच असे.

मुंबईतल्या माझ्या पहिल्या परीक्षेची हकीकत सांगण्यासारखी आहे. कक्षाचे प्रमुख हे एक ज्येष्ठ संकलक होते; पान खाणारे, मितभाषी, हाताने अतिशय हलके. त्यांनी एका दृश्याची फिल्म माझ्या हाती दिली आणि प्राथमिक जोडणी करून ठेवायला सांगितले. दृश्यात नायक एक पत्र वाचतो. त्यातले एक वाक्य त्याने पाच वेळा म्हटले होते, कारण चित्रीकरणाच्या वेळी तो कुठे अडखळला, कुठे दिव्याची सावली पडली. पाचांतला एक निवडायचा असतो हे मला कोणी सांगितले नव्हते, आणि माझ्या संस्कारात ते बसतही नव्हते. पुनरुक्ती दिसली की ती हेतुपूर्वक असणार, असेच मी मानत आलो होतो. मी पाचही वाचने एकामागून एक, मोठ्या निष्ठेने, उत्तम सांधे घालून जोडली. सायंकाळी ती पट्टी यंत्रावर चढली. नायकाने तेच वाक्य पाच वेळा म्हटले. प्रमुखांनी यंत्र थांबवले, पान एका गालातून दुसऱ्या गालात नेले आणि शांतपणे विचारले, “हा प्रेमपत्र वाचतोय की संथा देतोय?”

सारा कक्ष हसला. मीही हसलो. दुसऱ्या दिवशी प्रमुखांनी मला जवळ बसवून एक गोष्ट शिकवली, जी पुढे आयुष्यभर पुरली. ते म्हणाले की, काय टाकायचे याचा विचार आधी करू नकोस; माणूस श्वास कुठे घेतो ते आधी बघ. श्वासावर काप घेतला तर प्रेक्षकाला कळत नाही, श्वास तोडून घेतला तर त्याचा जीव गुदमरतो आणि त्याला कारण सापडत नाही. श्वास! पाठशाळेत दुसरे आम्ही शिकलो तरी काय होतो? कुठल्या पदानंतर श्वास घ्यायचा, कुठे मुळीच घ्यायचा नाही, यासाठी तर ती छडी होती. त्या क्षणापासून तो कक्ष मला परका वाटला नाही.

पुढे मराठी चित्रपट केले, मग दूरचित्रवाणी आली. शेतीच्या कार्यक्रमांचे काम बरीच वर्षे माझ्याकडे असे. एकदा लासलगावच्या कांद्याच्या लिलावाचे चित्रण आले. बोली पुकारणारा गृहस्थ ट्रॅक्टरमागून ट्रॅक्टर करीत इतक्या वेगाने बोलत होता की निर्माते हताश झाले. वीस मिनिटांचे सहा करायचे होते आणि कापायला फट म्हणून नव्हती. मी डोळे मिटून दोनदा ऐकले. तो गृहस्थ दर सातव्या-आठव्या बोलीला, एका ट्रॅक्टरकडून दुसऱ्याकडे वळताना, नाकाने एक चोरटा श्वास घेत होता. तिथे तिथे काप घेतला. कार्यक्रम दिसल्यावर त्या गृहस्थांचे पत्र आले की, मी दम न घेता एवढे बोलतो हे मलाच माहीत नव्हते. ते पत्र मी गुरुबंधूला दाखवले. तो म्हणाला, कांद्याला तरी तुझी विद्या लागू पडली.

यथावकाश फिल्म गेली, कात्री गेली, संगणक आला. तोही शिकलो. निवृत्त होऊन आम्ही पती-पत्नी नाशिकला परतलो आणि गंगापूर रोडच्या बाजूला घर घेतले. गुरुबंधू पंचवटीतच होता. गुरुजींच्या मागे त्याने तीच पाठशाळा चालवली. आठवड्यातून दोनदा मी त्याच्याकडे जात असे. तो चहा देई आणि टोमणे देई. त्याच्यासमोर म्हणायला मात्र मी कधी बसलो नाही. पन्नास वर्षांत माझा पाठ माझ्याबरोबर राहिला की नाही, हे तपासून पाहण्याचे धैर्य मला नव्हते.

गेल्या ज्येष्ठात त्याच्या गळ्यात गाठ आढळली. ती साधी निघाली, हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे वाचकांचा जीव टांगणीला राहणार नाही. परंतु शस्त्रक्रिया करावी लागणार होती आणि डॉक्टरांनी स्पष्ट सांगितले की आवाज पूर्वीसारखा येईलच असे नाही. हे ऐकून त्याच्या विद्यार्थ्यांचे चेहरे उतरले. आमच्या गुरुजींची घनपाठाची एक खास धाटणी होती. पद उलटे फिरताना स्वर कसा ठेवायचा याची. ती पुस्तकात लिहिता येत नाही. ती त्याच्या एकट्याच्या गळ्यात उरली होती, आणि विद्यार्थी अजून अर्ध्या वाटेवर होते. तेव्हा शस्त्रक्रियेच्या आदल्या दिवशी घाईने एका पूर्ण सूक्ताच्या घनपाठाचे चित्रण करायचे ठरले. मी त्या दिवशी रुग्णालयाची कागदपत्रे करण्यात गुंतलो होतो. चित्रण करायला पेठ रोडवर लग्नांचे व्हिडिओ करणाऱ्या एक बाई आल्या. पिंपळगावच्या बाजूच्या, तिशीच्या, कामाला चोख. पाऊण तास त्याने अखंड म्हटले. दुसऱ्या दिवशी शस्त्रक्रिया निर्विघ्न पार पडली आणि त्याला दीड महिन्याचे मौन मिळाले. त्याच्या पत्नी, आमच्या वहिनी, म्हणाल्या, देवाने माझे ऐकले, फक्त थोडे जास्तच ऐकले.

पंधरा दिवसांनी त्या बाई पेन ड्राइव्ह घेऊन आल्या. आम्ही सारे गुरुबंधूच्या घरी जमलो. चित्र सुरू झाले. प्रकाश सुंदर, आवाज स्वच्छ. आणि अकरा मिनिटांत संपले.

क्षणभर कोणाला काही उमगले नाही. मग मला उमगले. बाई मोठ्या मायेने सांगत होत्या, “गुरुजींना शब्द आठवत नव्हते हो काका. पुढे जायचे, मागे यायचे, परत तेच. आजारी माणूस, उद्याचं टेन्शन असणार. मी अडखळलेलं सगळं काढून टाकलं. आता बघा, कसं सलग झालंय.”

गुरुबंधूचे मौन होते, हे त्या घटकेला सर्वांच्या हिताचे ठरले. त्याने केवळ मौनात लिहून बोलण्यासाठी जवळ ठेवलेली पाटी उचलली, पाटीकडे पाहिले आणि खाली ठेवली.

मी बाईंना घनपाठ म्हणजे काय ते समजावले. त्या एकदम खाली बसल्या. मूळ चित्रण विचारले, तर ते पुसून टाकलेले. लग्नसराईत जागा पुरत नाही, काम दिले की कार्ड रिकामे करावे लागते. त्यांच्या डोळ्यांत पाणी आले. त्यांना रागावण्याचा विचारही माझ्या मनाला शिवला नाही. पुनरुक्तीचा अर्थ न कळल्याने मी पाच वाचने ठेवली होती, त्यांनी चार काढली होती. आमच्या दोघांच्या चुकीत फरक दिशेचा होता, निष्ठेचा नव्हता. मी त्यांना ती प्रेमपत्राची गोष्ट सांगितली. त्या रडता रडता हसल्या, आणि हसता हसता त्यांना काही आठवले.

“काका, उरलंसुरलं असेल.”

त्यांची एक रीत होती. लग्नाच्या चित्रणातून जे जे कापत, ते सारे तुकडे एकापुढे एक लावून त्यांची एक वेगळी फाइल करून ठेवत. कारण महिन्याभराने कोणीतरी मावशी हटकून येते आणि मी नवरीच्या शेजारी होते, मला का कापले, म्हणून विचारते. त्या फाइलला नावच ‘उरलंसुरलं’. गुरुबंधूचा पाठ त्यातच पडलेला निघाला: तीनशेच्या आसपास तुकडे, आणि क्रम असा की बाईंच्या हाताने जसे सुटले तसे. आरंभीचे शेवटी, शेवटचे मध्ये.

आता ते कोणी लावायचे? बाईंना तुकडे जुळवता येत होते, पाठ येत नव्हता. विद्यार्थ्यांना पाठ अर्धाच येत होता. ज्याला पूर्ण येत होता त्याला अंथरुणावर पडून राहायची आज्ञा होती. सर्वांच्या नजरा माझ्याकडे वळल्या. गुरुबंधूनेही पाहिले, आणि पाटीवर एकच शब्द लिहिला: “येतो?”

मी प्रामाणिकपणे सांगितले की, ठाऊक नाही.

आषाढ लागला होता. लवकरच लग्ने थांबली आणि बाईंचा स्टुडिओ मोकळा झाला. रोज सकाळची पूजा आटोपून मी पेठ रोडला जाई आणि दुपारच्या जेवणापर्यंत आम्ही बसत असू. पहिल्या दिवशी मी त्यांच्या खुर्चीशेजारी डोळे मिटून पहिल्या पदापासून म्हणू लागलो. तीन पदांपर्यंत ठीक गेले. चौथ्याला रस्ता बंद. मी थांबलो. तेव्हा बाईंनी, काय करावे न सुचून, सहज एक तुकडा वाजवला. गुरुबंधूचा आवाज उमटला आणि त्यामागोमाग माझ्या तोंडून पुढचे पद आपोआप बाहेर पडले, जणू तो अजून सतरंजीवर माझ्या उजव्या बाजूला बसला होता. असे ते सुरू झाले. तो तुकड्यातून म्हणे, मी पुढचे म्हणे, आणि बाई पुढचा तुकडा शोधत.

जिथे माझी स्मृती कमी पडे तिथे धंदा कामाला येई. स्वराबरोबर त्याची मान हलते. एका तुकड्याच्या शेवटी मान जिथे थांबली तिथूनच पुढच्या तुकड्यात ती निघायला हवी. खिडकीतले ऊन त्याच्या उपरण्यावर हळूहळू चढत गेले होते. त्यावरून आधीचे कोणते, नंतरचे कोणते हे कळे. आणि श्वास तर होताच. बाईंनी अडखळणे समजून कापले होते, पण हात इतका स्वच्छ की प्रत्येक श्वास एका तुकड्याच्या कडेला पूर्ण शाबूत होता. मी तसे म्हटल्यावर त्या लाजल्या. चौथ्या-पाचव्या दिवशी त्या स्वतःच सांगू लागल्या, “काका, हे उलटं फिरलं, आता परत सरळ यायला हवं ना?” मी म्हटले, तुम्ही पुरुष असता आणि आठ वर्षांच्या असता तर आमच्या गुरुजींनी तुम्हांला नेले असते. त्या म्हणाल्या, आठ वर्षांची असताना मी द्राक्षं भरत होते, तिथेही लहानमोठे मणी निवडायचेच काम.

नवव्या दिवशी शेवटचा तुकडा बसला. आम्ही आरंभापासून पाहिले. सूक्ताच्या मध्यावर एके ठिकाणी तीन पदे नव्हती. सरळ, उलटे, सरळ, पुन्हा उलटे, आणि शेवटचे ‘पहिले, दुसरे, तिसरे’ गायब. बाईंनी कपाळावर हात मारला. त्या जागी नेमकी कुकरची शिटी झाली होती. गुरुबंधू थांबला नव्हता, पण शिटीचा आवाज म्हणजे कचरा, म्हणून तो एकच तुकडा त्यांनी ‘उरलंसुरलं’मध्येही ठेवला नव्हता. (कुकर शेजारच्या घरचा होता, असे वहिनींचे आजही ठाम म्हणणे आहे.)

उपाय सोपा होता. तीच तीन पदे, त्याच स्वरात, काही क्षण आधी त्याने म्हटलेली होती. ती उचलून पुन्हा जोडली की काम झाले. कोणाच्या बापाला कळले नसते. मी आयुष्यभर हेच केले आहे. एका सभेतल्या टाळ्या दुसऱ्या सभेला दिल्या, एका पात्राचे हसू दुसऱ्या दिवसाच्या चेहऱ्यावर बसवले. बाईंचे बोट कळफलकावर तयारच होते. परंतु माझ्याच्याने ‘हो’ म्हणवेना. घनपाठात प्रत्येक वेळचे म्हणणे हे वेगळे म्हणणे असते. एकदा म्हटलेले दोनदा मोजायचे नाही, यासाठीच तर तो सारा खटाटोप. आणि न जोडावे, तर पाठ खंडित. विद्यार्थी त्यावरून शिकणार होते.

मी पंचवटीला गेलो आणि गुरुबंधूला सारे सांगितले. तो भिंतीला टेकून ऐकत होता. मग पाटी मांडीवर घेतली, सावकाश लिहिले आणि माझ्याकडे फिरवली.

“कात्रीबुवा, ठिगळ तुझ्या कापडाचं लाव.”

मी म्हटले की माझा आवाज थरथरतो, पाठ सुटून पन्नास वर्षे झाली, मला अधिकार नाही. त्याने ओल्या फडक्याने पाटी पुसली आणि लिहिले: “नऊ दिवस कोण म्हणत होतं?”

दुसऱ्या दिवशी स्नान करून, सोवळे नेसून मी स्टुडिओत गेलो. बाईंनीही त्या दिवशी चपला बाहेर काढल्या आणि संगणकाला उदबत्ती ओवाळली. मी तीन पदे म्हटली. आवाज कापला. पुन्हा म्हटली, कमी कापला. तिसऱ्यांदा म्हटली. बाई गंभीरपणे म्हणाल्या, “काका, पाचही ठेवायचे का?” मला इतके हसू आले की चौथ्यांदा म्हणताच आले नाही. पहिलेच ठेवले. चित्राचा प्रश्न त्यांनीच सोडवला: पाठ सुरू होण्याआधी गुरुबंधू डोळे मिटून क्षणभर स्वस्थ बसला होता, तेवढा तुकडा त्या माझ्या आवाजावर लावला. पाहणाऱ्याला वाटते की तो म्हणायचा थांबून शेजारच्याचे ऐकतो आहे.

श्रावणात त्याचे मौन सुटले. आवाज आला, परंतु खरखरीत आणि खालच्या पट्टीतला, पूर्वीचा नव्हे. तो मंत्राचा अर्थ सांगू शकतो, चूक काढू शकतो आणि मला बोलू शकतो, एवढ्यावर तो प्रसन्न आहे. स्वर विद्यार्थी चित्रणावरून घेतात. परवा मी पाठशाळेत गेलो तेव्हा त्यांची संथा चालली होती. सूक्ताच्या मध्यावर आले आणि सगळ्या मुलांचा सूर एकदम डळमळला, तीन पदांपुरता, आणि पुन्हा स्थिर झाला. मला वाटले, दमली असतील. मग ध्यानात आले की ती जशी ऐकली तशीच म्हणत होती, माझ्या थरथरीसकट. मी कानकोंडा होऊन गुरुबंधूला म्हटले की, त्यांना सांग, ती चूक आहे.

तो आपल्या नव्या खरखरीत आवाजात हसला. “सांगेन हळूहळू. थोडे दिवस राहू दे. तीन पदं तुझ्याकडूनही शिकली म्हणून काय बिघडलं?”

आज सकाळी त्या बाईंचा फोन आला होता, संगणकाला हळदकुंकू वाहिले तर चालेल का, म्हणून. मी म्हटले, कळफलकाच्या फटीत जाणार नाही एवढे जपून वाहा. आता लेखणी ठेवतो; सायंकाळी गुरुबंधूकडे जायचे आहे. तो म्हणतो की मी रोज एक पान म्हणून दाखवावे, आणि गेले दोन महिने मी दाखवतो आहे.

हे वाचणाऱ्या आपणा सर्वांच्या हातातले साधन, मग ते कुठलेही असो, सदैव धारदार आणि निर्मळ राहो. आपल्या घरात ज्येष्ठांचा आवाज पुष्कळ काळ ऐकू येवो, लहानांना तो ऐकण्याची गोडी लागो, आणि कुकरची शिटी वेळच्या वेळी होवो. श्रीगजानन आपल्या कुटुंबाचे सर्वकाळ कल्याण करो.